मर्क्युरीच्या उजेडात अरुंधती

आमच्या घरी रात्रीचं जेवण गल्लीतल्या इतर घरांच्या आधी उरकायचं, कारण अण्णांना आभाळाची घाई असायची. अण्णा म्हणजे माझे थोरले काका. सेनगावातल्या महादेवाच्या देवळाची पूजा त्यांच्याकडे होती आणि आसपासच्या गावांतली लग्नं लावायचं कामही. माझे वडील तहसील कचेरीत कारकून होते. घरात पगार वडिलांचा आणि हुकूम अण्णांचा, अशी वाटणी फार पूर्वीच झालेली होती आणि ती कुणाला खटकत नव्हती. काकूच्या तव्यावर शेवटची भाकरी फुगत असतानाच अण्णा हात धुऊन परसात गेलेले असायचे. त्यांच्या मागे मी, माझा धाकटा भाऊ बंडू आणि मागच्या वस्तीवरच्या मेंढरंवाल्यांची सखू. सखू ताऱ्यांसाठी यायची की काकू वाटायची त्या गूळ-शेंगदाण्यांसाठी, हे मला कधी कळलं नाही. तिला विचारलं तर ती म्हणायची, "दोन्ही बराबर हाय."

दुर्बीण आमच्याकडे नव्हती, गोधडी होती. लिंबाच्या झाडापासून जरा लांब, धुण्याच्या दगडाशेजारी ती अंथरायची, उत्तरेकडं पाय करून उताणं पडायचं आणि डोळे घट्ट मिटून एकोणतिसाचा पाढा म्हणायचा. तो पुरा झाल्याशिवाय डोळे उघडायची मुभा नव्हती आणि चुकला तर पुन्हा पहिल्यापासून. अंधाराला सरावायला डोळ्यांना काही वेळ द्यावा लागतो, हे कारण मला पुढं पुस्तकांत सापडलं. अण्णांनी कारण वगैरे सांगितलं नाही. पाढा चुकला की तारा दिसत न्हाई, एवढंच त्यांचं म्हणणं, आणि बंडूच्या बाबतीत ते शब्दशः खरं ठरायचं, कारण तो पाढ्याच्या मध्येच झोपी जायचा. गोठ्यातली शेळी रवंथ करत असायची, मोरीपाशी काकूच्या भांडी घासण्याचा आवाज यायचा, राखेचा आणि लसणाच्या चटणीचा वास एकत्र यायचा, आणि मला पडून राहवत नसे. पाठीला काहीतरी टोचायचं, पायाला मुंग्या यायच्या. आभाळ इतकं मोठं असताना एका जागी निजून ते बघायचं ही मला शिक्षा वाटायची. अजूनही वाटते. माझ्या गच्चीवर शेजारची मुलं तारे बघायला येतात तेव्हा सगळ्यांत जास्त चुळबुळ मीच करते.

अण्णांची पद्धत मात्र चांगली होती. आधी मोठा तारा पकडायचा आणि त्याचं बोट धरून बारक्याकडं जायचं. अंतर मोजायला हात लांब करून वीत धरायची. उत्तरेला सप्तर्षी: पतंगासारखे चार, त्यांना शेपटीसारखे तीन. सखूच्या घरी त्यालाच बाजलं म्हणायचे, म्हणजे बाज, आणि तिच्या मते ते जास्त बरोबर होतं, कारण ऋषी कुणी पाहिलेत, बाज रोज दिसते. शेपटीतला मधला वसिष्ठ. त्याला अगदी खेटून एक बारीक, टाचणीच्या टोकाएवढा तारा: ती अरुंधती. ती दिसली म्हणजे नजर चांगली. सप्तर्षी वर असायचे त्या दिवसांत अण्णा रोज शेवटी तिच्यापाशी यायचे आणि विचारायचे, "दिसली?" आम्ही म्हणायचो, "दिसली." मग गूळ-शेंगदाणे.

हाच प्रश्न ते लग्नांतही विचारायचे. सप्तपदी झाली की नवरा-नवरीला अरुंधती दाखवायची रीत आहे. आमच्या भागातली लग्नं लागायची भर दुपारी, पत्र्याच्या किंवा कापडी मांडवात, आणि अण्णा उत्तरेकडच्या कनातीकडे बोट करून म्हणायचे, "ती बघा अरुंधती. दिसली?" घामानं डबडबलेला नवरदेव म्हणायचा, "दिसली." नवरी मान हलवायची. मागे वऱ्हाडी जेवणाच्या पंगतीकडं बघत असायचे. मी अशी लग्नं पुष्कळ पाहिली आणि दिसली नाही असं म्हणणारं एकही जोडपं मला भेटलं नाही. लहानपणी मला वाटायचं, लग्न झालं की माणसाची नजर सुधारत असावी.

ज्या साली हे सगळं घडलं त्याच्या आदल्या वर्षी महाशिवरात्रीला देवळापाशी दिवा आला. देऊळ आमच्या परसाच्या बरोब्बर उत्तरेला. तिथं शिखरापेक्षा उंच लोखंडी खांब रोवला गेला, खांबाच्या पायथ्याशी संगमरवरी पाटी, आणि पाटीवर देणगी देणाऱ्या पुढाऱ्यांचं नाव महादेवाच्या नावापेक्षा मोठ्या अक्षरात. त्या काळी अशा दिव्याला नुसतं मर्क्युरी म्हणायचे. पुढारी दुपारी येणार होते ते दिवेलागणीला आले. तोवर अण्णा पूजेचं ताट घेऊन उन्हात उभे आणि हारांतली झेंडूची फुलं शेळ्यांनी खाल्लेली. भाषणात "अंधार" हा शब्द इतक्या वेळा आला की बंडू घाबरून मला बिलगला. मग बटण दाबलं. मर्क्युरीचा दिवा बटण दाबल्याबरोबर पेटत नाही. आधी नुसता जांभळट होतो आणि मग हळूहळू तापत जातो, हे कुणाला माहीत नव्हतं. लोकांनी टाळ्या वाजवल्या, वर पाहिलं, थांबले. पुढाऱ्यांनी वायरमनकडे पाहिलं. वायरमननं महादेवाकडे पाहिलं. शेवटी एकदाचा दिवा फटफटीत झाला आणि लोकांनी दुसऱ्यांदा टाळ्या वाजवल्या, पहिल्यांदापेक्षा जरा कमी.

त्या दिवसापासून आमच्या परसातलं उत्तरेचं आभाळ गेलं. मोठे तारे फिक्कट का होईना दिसायचे, अरुंधती नाही. किडे त्या दिव्याकडं गेले, कुत्री त्याच्याखाली निजू लागली, दोन घरची पोरं तिथं पत्ते खेळू लागली. अण्णांचा कार्यक्रम चालूच होता. गोधडी, पाढा, वीत, वसिष्ठ. "ती बघा, त्याच्या मांडीला मांडी लावून बसलीय. दिसली?" आणि आम्ही म्हणायचो, "दिसली." आम्हाला तिथं पांढऱ्या धुरकट उजेडापलीकडं काही दिसत नव्हतं, पण त्या प्रश्नाचं उत्तर तेच होतं. लाईट जायची तेव्हा विंचूकाट्याच्या भीतीनं काकू आम्हाला आत ओढायची, त्यामुळं अंधाराचाही उपयोग नव्हता. असं वर्षभर चाललं.

मग पुढच्या चैत्रात दिवा उडाला. पुढारी मध्यंतरी निवडणूक हरले होते आणि नवा दिवा बसवण्यात पाटीवर नाव नसलेल्या कुणालाच रस नव्हता. त्या संध्याकाळी पाढा संपवून आम्ही डोळे उघडले आणि सखू गोधडीवर ताडकन उठून बसली. "ती हाय," ती म्हणाली. "अगं व कुंदे, खरंच हाय की ती. बारकी. बघ की." मी पाहिलं. होती. वसिष्ठाला चिकटून, स्वच्छ. बंडूसुद्धा जागा होता आणि त्यालाही दिसली. आम्ही तिघं एकमेकांना ढकलत दाखवत होतो आणि अण्णांनी त्या दिवशी प्रश्न विचारलाच नाही. ते दगडावर उभे राहून बघत होते. मान या बाजूला, त्या बाजूला. धोतराच्या सोग्यानं डोळे पुसले, परत पाहिलं. मग आत गेले. गूळ-शेंगदाणे त्या दिवशी आम्हीच काढून घेतले.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला देवळात बोलावलं. गाभाऱ्यात ते समया घासत होते. "कुंदे, काल मला ती दिसली न्हाई," ते म्हणाले. मला वाटलं ते माझी परीक्षा घेताहेत. ते पुढं शांतपणे सांगत गेले. ज्याला अरुंधती दिसेनाशी होते तो सहा महिन्यांच्या आत जातो, असं जुन्या पोथ्यांत आहे. त्यांच्या वडिलांनी त्यांना सांगितलं होतं, वडिलांना आजोबांनी. "तू शहाणी हायेस म्हणून तुला सांगून राहिलो. घरात बोलायचं न्हाई. काकूला तर अजिबात न्हाई. माझं काम एकच राहिलंय, सुमाचे हात पिवळे करायचे. ते झालं की मी मोकळा." आणि पुन्हा समया घासू लागले. मी बोटांवर मोजलं. दसऱ्याच्या आसपास येत होतं.

सुमाताई त्यांची एकुलती मुलगी. हिंगोलीला डी.एड. करत होती, रोज एस.टी.नं जायची-यायची, आणि शेवटच्या वर्षाची परीक्षा उन्हाळ्यातच होती. घरातली ती पहिली मुलगी जी नोकरी करणार होती आणि हे ती जेवताना, धुणं धुताना, बसची वाट बघताना सतत बोलत असायची. आठवड्याच्या आत अण्णा कनेरगाव नाक्याचं स्थळ घेऊन आले. मुलगा चांगला होता, त्यांचं रस्त्यावर हॉटेल होतं, शेती होती. फक्त अण्णांना लग्न वैशाखातच उरकायचं होतं, परीक्षेच्या आधी, आणि मुलाकडच्यांना नोकरी करणारी सून नको होती, म्हणून परीक्षेचा प्रश्नच उरत नव्हता. सुमाताई भांडली. तिनं दोन दिवस जेवण सोडलं. काकू मधे पडली. "पोरगी शिकून राहिली तर शिकू द्या की परीक्षेपर्यंत. एवढी काय गाडी सुटून राहिली तुमची?" अण्णा कुणालाच काही सांगत नव्हते. गाडी सुटत होती हे फक्त मला माहीत होतं.

त्या दिवसांत मी कुठंच बसू शकत नव्हते. शाळेत बाकावर, घरी पाटावर, सगळीकडं आतून कुणीतरी ढकलत असल्यासारखं व्हायचं. अण्णा ताकाचा भुरका मारायचे आणि मी दचकायची. ते खोकले की मी दारात. दुपारी ते घोरत पडले की जवळ जाऊन पोट वर-खाली होतंय का बघायची, आणि एकदा तशी वाकलेली असताना त्यांनी डोळे उघडले आणि म्हणाले, "अजून वेळ हाय." मला रडायलाही येत नव्हतं, कारण रडण्याचं कारण सांगावं लागलं असतं. मांडवाचे बांबू येऊन पडले. काकूनं शेवया घातल्या, पापड लाटले, आणि मी एका पापडालाही नीट हात लावला नाही, हे बघून तिनं माझी दृष्ट काढली.

शेवटी मी सुमाताईला सांगितलं. ती परसात तूरडाळ निवडत होती, तोंड सुजलेलं. मी एका दमात सगळं बोलून टाकलं: अरुंधती, सहा महिने, दसरा. तिचा हात सुपातच थांबला. मला वाटलं ती आता ओरडून रडेल. तिनं डाळीतला एक खडा उचलून बाजूला टाकला आणि विचारलं, "कुंदे, तो मर्क्युरी चालू होता तवर तुला दिसली होती का ती?"

"न्हाई."

"बंडूला?"

"न्हाई. सखूलाबी न्हाई. आमी उगंच म्हणायचो."

"वर्षभर?"

"व्हय."

"मग तू काहून जिवंत हायेस?" सुमाताई म्हणाली आणि सूप बाजूला ठेवून उठली.

मला ती वाक्यं आजही जशीच्या तशी आठवतात, आणि पुढं आयुष्यात मी मोठमोठ्या माणसांची तर्कशुद्ध विवेचनं वाचली, पण तूरडाळीच्या सुपावर झालेल्या त्या चौकशीइतकी नेमकी थोडीच होती. गेल्या हिवाळ्यात इथं हिंगोलीत एका शाळेनं मुलांसाठी आकाशदर्शन ठेवलं होतं, मलाही बोलावलं होतं. पाहुण्यांचे सत्कार, सत्काराला उत्तरं, विज्ञानवादी दृष्टिकोनावर तीन भाषणं, आणि हे सगळं होईतो मंचावरचे दोन फोकस मुलांच्या तोंडावर. आभाळाची वेळ आली तेव्हा मुलं एकमेकांच्या अंगावर झोपलेली होती. एका जाग्या मुलीला मी विचारलं, काही दिसलं का? ती म्हणाली, नाही. मला तिचं फार कौतुक वाटलं. ते मी कुणाला सांगितलं नाही, नाहीतर तिचाही सत्कार झाला असता.

डाळ निवडली त्याच संध्याकाळी सुमाताई परसात आली. एरवी ती ताऱ्यांकडे फिरकत नसे. पाढा झाला, डोळे उघडले, आणि अण्णा सप्तर्षींकडे बोट करणार तेवढ्यात ती म्हणाली, "अण्णा, कुंदानं मला समदं सांगितलं."

अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. मी गोधडीचा दोरा उसवत होते.

"मर्क्युरी लागल्यापासून वर्षभर इथून कुणालाच ती दिसत नव्हती," सुमाताई म्हणाली. "विचारा ह्यांना. तुमाला तेवढी रोज दिसून राहिली होती."

"मला दिसत होती."

"तुमाला पाठ होती, अण्णा. दिसत नव्हती. आता दिवा उडाला, लेकरांना दिसली, तवा तुमाला कळलं. पोथीच्या हिशोबानं तुमी मागल्या पोळ्यालाच जायला पाहिजे होते. कुंदा, बंडू, सखू, ही समदी गल्ली जायला पाहिजे होती. त्या देवळामागं राहणाऱ्या एकानंबी वर्षात अरुंधती पाहिली न्हाई. गेलं कोण? पाटलांची एक म्हैस."

"म्हैस विताना गेली," सखूनं मधेच सांगितलं.

"शास्त्रात दिव्याचा उजेड धरत न्हाईत," अण्णा म्हणाले. आवाज पूजेचा, पण तळाला कुठंतरी हललेला. "उजेडामुळं न दिसणं येगळं. दिवा नसताना, डोळ्यासमोर असताना दिसेना झाली, ती खूण."

काकू मोरीपाशी भांडी घासत होती. तिनं पाठ न वळवता विचारलं, "कसली खूण?" मग सुमाताईनं तिलाही सांगितलं, अण्णा नको नको म्हणत असताना. काकूनं हातातलं पातेलं पालथं घातलं, राखेचे हात पदराला पुसले.

"मला तर जलमात दिसली न्हाई ती," काकू म्हणाली.

तिनं ओलं बोट अण्णांकडं केलं.

"आपल्या लग्नात तुमच्या वडलांनी विचारलं, दिसली का. दुपारचं ऊन, मला चक्कर येऊन राहिली होती, पोटात अन्न न्हाई. मी म्हणलं, दिसली. तुमीबी म्हणाले दिसली. तवापासून एकदाबी पाहिली न्हाई मी ती बया. कवा बघावं? तुमी जेवून हितं येता, मी तितं घासत असते." तिनं पदर खोचला. "तीन बाळंतपणं झाली माझी, जगली एकटी सुमा. टायफाईड झाला. मी न्हाई मेले. आन् ह्या एका चांदणीपायी तुमी माझ्या पोरीचं वरीस बुडवून राहिले?"

अण्णा धुण्याच्या दगडावर बसले. इतके दिवस ते त्यावर उभे राहून आम्हाला आभाळ दाखवत होते. त्यावर बसलेलं मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं. त्यांनी विचारलं, "मग मला दिसेना काहून?"

"म्हातारे झाले म्हणून," काकू म्हणाली आणि पातेलं उचलून आत गेली.

त्यानंतर दोन दिवस घरात कुणी मोठ्यानं बोललं नाही. मला वाटायचं, आता ते मरणार नाहीत याचा आनंद व्हायला हवा, पण चुळबूळ उलट वाढली, कारण काहीच ठरलेलं नव्हतं. बांबू तसेच अंगणात पडलेले, पापड डब्यात, सुमाताई पुस्तक उघडून एकाच पानावर. एवढ्या मोठ्या अधिकाराच्या माणसानं मागं फिरायचं कसं, यासाठी पोथीत काही सोय नव्हती. तिसऱ्या दिवशी सकाळी अण्णांनी धुतलेला सदरा घातला, टोपी झटकली आणि मला म्हणाले, "चल."

आम्ही हिंगोली गाठली आणि तिथून कनेरगाव नाक्याची गाडी धरली. पाव्हण्यांच्या हॉटेलात कढईत भजी तळली जात होती. मुलाच्या वडलांनी बाकडं पुसून दिलं, चहा मागवला, मांडवाची चौकशी केली. अण्णांनी चहाला हात लावला नाही.

"परीक्षेच्या आधी लगीन व्हणार न्हाई," ते म्हणाले. "परीक्षा होईल, पोरगी नोकरीबी करील. तुमी थांबणार असाल तर मेहेरबानी. न थांबाल तर तुमचा दोष न्हाई."

"पण घाई तर तुमचीच होती, महाराज," मुलाचे वडील म्हणाले.

"व्हय. मला वाटलं होतं, मी मरून राहिलो."

त्या माणसानं अण्णांना वरून खालपर्यंत निरखलं. "आन् आता?"

"आता तसं वाटून न्हाई राहिलं."

मुलाच्या वडलांनी भज्यांची बशी आमच्याकडं सरकवली. ते थांबले नाहीत, त्याच वैशाखात दुसरीकडं सोयरीक केली, आणि तो मुलगा पुढं चांगला संसारी निघाला असं ऐकलं. सुमाताई परीक्षा पास झाली, कळमनुरी तालुक्यात मास्तरीण झाली, स्वतःच्या पसंतीनं उशिरा लग्न केलं आणि मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त झाली. आता फोनवर माझ्याशी गुडघ्यांबद्दल बोलते. पण ते सगळं नंतर. त्या दिवशी भजी मी एकटीनं संपवली, आणि कितीतरी दिवसांनी मला भूक लागलेली होती.

परतताना आम्ही हिंगोलीला उतरलो. सेनगावची गाडी समोर लागलेली होती, मी तिच्याकडं निघाले. अण्णा जागचे हलले नाहीत. स्टँडबाहेरच्या रस्त्याकडं तोंड करून उभे होते. उन्हानं डोळे बारीक केलेले, आणि मी जवळून पाहिलं तेव्हा त्यांच्या उजव्या डोळ्याच्या बुबुळावर दुधाच्या सायीसारखं काहीतरी दिसलं. ते रोज माझ्यासमोर असून मी कधी पाहिलेलं नव्हतं.

"हितं डोळ्याचा दवाखाना हाय कुठंतरी," ते म्हणाले. "मला पाट्या लागत न्हाईत, कुंदे. तू वाच."

हे त्यांनी माझ्याकडं बघून नाही, रस्त्याकडं बघून सांगितलं. मग त्यांनी माझा हात धरला, गल्लीत मात्र मीच त्यांचा धरला असं सांगायचं ठरलं असावं, आणि आम्ही निघालो. मी मोठ्यानं वाचत गेले. खत आणि बियाणं. कापड दुकान, लग्नाचा बस्ता. फोटो स्टुडिओ. ट्रॅक्टरचे स्पेअर पार्ट. हेअर कटिंग सलून. रस्त्यावरची माणसं वळून बघत होती, कारण मी पाढ्यासारखी तालात ओरडत होते. अण्णांना लाज वाटत होती का, ते मला सांगता यायचं नाही. प्रत्येक पाटीला ते नीट ऐकून मान डोलवत आणि म्हणत, "पुढची वाच."